फिटरच्या हाताला येणारं सॉफ्टवेअर

दसऱ्याच्या सुमारास साखर कारखान्यांत बॉयलरचं अग्निप्रदीपन होतं आणि दिवाळीच्या आगेमागे गव्हाणीत मोळी पडते. पुढचे चार-पाच महिने मिल रात्रंदिवस चालते, मग पावसाळाभर उघडून ठेवलेली असते. इथल्या देखभालीचं वेळापत्रक उसावर ठरतं. मी पाहिलेल्या एका कारखान्यात मात्र सॉफ्टवेअरमधलं वेळापत्रक कॅलेंडरवर बसवलेलं होतं. ऑगस्टमध्ये बंद असलेल्या रसाच्या पंपाला ग्रीसिंगची ऑर्डर महिन्यातून एकदा निघे, आणि जानेवारीत तोच पंप चोवीस तास पळत असतानाही एकदाच. फिटर दोन्ही ऑर्डरी सारख्याच 'पूर्ण' करून टाकत. पंपाला चाललेल्या तासांचा काउंटर जोडून ठरावीक तास भरले की ऑर्डर काढायची, ही सोय त्याच सॉफ्टवेअरमध्ये होती. प्रोग्रॅमची एक ओळही लिहावी लागली नसती. हंगाम म्हणजे काय, हे बसवणाऱ्याला कुणी सांगितलं नव्हतं आणि त्यानं विचारलंही नव्हतं.

देखभालीची ही सॉफ्टवेअरं जुनी आहेत. आयबीएममधून बाहेर पडलेल्या पाच जणांनी १९७२ मध्ये जर्मनीत सॅप सुरू केली. तिच्या पॅकेजात हिशेब, खरेदी आणि स्टोअरच्या शेजारी 'प्लांट मेंटेनन्स' आलं. मॅक्सिमो १९८५ मध्ये अमेरिकेत निघालं ते देखभालीसाठीच. २००६ मध्ये ते आयबीएमकडे गेलं. दोघांचा सांगाडा एकच: यंत्रांची यादी, बिघाडाची नोंद, वर्क ऑर्डर, सुटे भाग, वेळापत्रक.

आपल्या कारखान्याच्या मापाचं करून घ्यायचे मार्ग दोन. पहिला सेटिंगचा; सॅपवाले 'कस्टमायझिंग' म्हणतात ते यालाच. दुसरा स्वतःचे प्रोग्रॅम लिहिण्याचा. सॅपमध्ये त्यांची नावं बहुधा झेडनं सुरू होतात, म्हणून ते 'झेड प्रोग्रॅम'. वर्षानुवर्षं साचलेले हे प्रोग्रॅम आवृत्ती बदलताना अंगाशी येतात. सॅपची नवी पिढी, एस-फोर हाना, २०१५ मध्ये आली, त्याआधीच्या ईसीसीचा नेहमीचा सपोर्ट २०२७ अखेर संपतो आहे, आणि अनेक कंपन्या आता आपले झेड मोजत बसल्या आहेत. माझ्या पाहण्यातले बहुतेक झेड वरच्या साहेबांच्या रिपोर्टसाठी लिहिलेले होते. फिटरच्या स्क्रीनवर कुणी आठवडाभरसुद्धा खर्च केलेला नव्हता.

ती स्क्रीन जवळून पाहा. रात्री दोन वाजता बेअरिंग बदलून फिटर संगणकापाशी येतो. हाताला ग्रीस. स्क्रीन विचारते: कोणता भाग, काय नुकसान, कारण कोणतं? परदेशी नमुन्यावरून उचललेली दीडशे नावांची यादी उघडते. तो 'इतर' निवडतो. वर्षअखेरच्या अहवालात बिघाडाचं पहिलं कारण 'इतर' असतं. खरं तर या यादीतले शब्द आपणच भरायचे असतात. 'बेअरिंग जाम', 'सील लीक', 'कप्लिंगचा रबर गेला' असे फिटरच्या तोंडचे पंधरा-वीस शब्द पुरतात.

या नोंदीवर किती अवलंबून असतं! १९७८ मध्ये युनायटेड एअरलाइन्सच्या नोलन आणि हीप यांनी विमानांच्या भागांचा अभ्यास मांडला. त्यातल्या ८९ टक्के भागांना ठरावीक आयुष्यानंतर बदलण्याचा काही फायदा नव्हता. कोणता भाग तारखेनं बदलायचा आणि कोणत्यावर नुसती नजर ठेवायची, हे बिघाडाच्या इतिहासावरून ठरतं. 'इतर'मधून काहीच ठरत नाही.

स्टोअरचं दुखणं याहून साधं. ६२०५ नंबरचं बेअरिंग जगात कुठेही २५ मिलिमीटर आतल्या व्यासाचं, ५२ बाहेरच्या आणि १५ रुंदीचं. तेच एका स्टोअरमध्ये '६२०५ बेअरिंग', 'बेअरिंग बॉल ६२०५' आणि 'बीआरजी ६२०५' अशा तीन कोडांखाली होतं. एका कोडावर माल पडून, दुसऱ्यावर तातडीची खरेदी. इथे रॅकपाशी उभं राहून यादी दुरुस्त करणारा माणूस लागतो, आणि ते काम सॉफ्टवेअर बसवण्याआधीचं आहे.

ज्यांच्या कारखान्यात यंदा नवी आवृत्ती बसते आहे, त्यांना एकच विनंती. स्क्रीन ठरवायच्या बैठकीत एक खुर्ची फिटरसाठी ठेवा, आणि तिथे तिसऱ्या पाळीतला माणूस बोलवा.