छायालेखक राऊल कुतार

चित्रपट पाहून घरी परतल्यावर आपण नटनटींची नावे सांगतो, दिग्दर्शकाचेही सांगतो. परंतु ज्याच्या दृष्टीने आपण ती कथा पाहिली, त्या छायालेखकाचे नाव सहसा कोणाच्या ओठी येत नाही. राऊल कुतार हा फ्रान्समधील असाच एक छायालेखक. त्याचा जन्म १९२४ साली पॅरिस येथे झाला. रसायनशास्त्र शिकावे अशी त्याची इच्छा होती. पण तो खर्च झेपण्याजोगा नसल्यामुळे तो छायाचित्रणाकडे वळला. १९४५ साली तो फ्रेंच सैन्याबरोबर इंडोचायनात गेला. फ्रान्सची सत्ता झुगारून देण्यासाठी तेथे पेटलेले युद्ध त्याने अनेक वर्षे कॅमेऱ्याने टिपले. रणभूमीवर दिव्यांची सोय कोठून असणार? असेल त्या उजेडात, क्षण निसटण्यापूर्वी चित्र घ्यावे लागे.

चित्रपटसृष्टीत तो आला तो मात्र गैरसमजाने. प्येर शॉन्दर्फर या मित्राने त्याला एका चित्रपटाच्या कामासाठी बोलाविले, तेव्हा केवळ स्थिरचित्रे काढावयाची आहेत असे समजून त्याने होकार दिला!

झाँ-ल्यूक गोदार याच्या ‘ब्रेथलेस’ (१९६०) या चित्रपटाने कुतारचे नाव झाले. त्या काळी चित्रीकरण म्हटले की प्रखर दिवे, जड कॅमेरा आणि रुळांवरून चालणारी गाडी हा सरंजाम ठरलेला असे. गोदारला यातले काहीच नको होते. तेव्हा कुतारने हलका कॅमेरा हातीच धरला. अंधूक उजेडातही चित्र उमटेल अशी फिल्म त्या वेळी केवळ स्थिरचित्रांच्या कॅमेऱ्यासाठी मिळे, तीही साडेसतरा मीटरांच्या तुकड्यांत. असा तुकडा चित्रपटाच्या कॅमेऱ्यात चाळीस सेकंदही पुरत नाही. म्हणून असे अनेक तुकडे एकमेकांना चिकटवून लांब पट्टी तयार करण्यात आली. रुळांऐवजी रुग्णाची चाकांची खुर्ची आली. कुतार तीत कॅमेरा घेऊन बसे आणि गोदार ती ढकलीत असे. रस्त्यावरील लोकांना सुगावा लागू नये म्हणून एकदा तो टपालाच्या हातगाडीत दडून बसला होता. हा कॅमेरा आवाज फार करी, त्यामुळे संवाद मागाहून भरावे लागले. हा सारा खटाटोप काटकसरीपोटी झाला असे म्हणणे अपुरे ठरेल. रस्ता रस्त्यासारखाच दिसावा, हा त्यातील खरा आग्रह होता.

पुढे फ्रांस्वा त्रुफोचा ‘ज्यूल आणि जिम’ (१९६२), कोस्ता-गाव्रासचा ‘झी’ (१९६९) असे अनेक नामवंत चित्रपट त्याने चित्रित केले.

१९७० साली कुतार स्वतः दिग्दर्शक झाला. ‘होआ-बिन्ह’ या त्याच्या पहिल्या चित्रपटाच्या नावाचा व्हिएतनामी भाषेत अर्थ आहे शांतता. बाप युद्धावर गेलेला, आई मरण पावलेली, आणि धाकट्या बहिणीचा भार एका लहान मुलावर पडलेला, अशी ही कथा. आपल्या तारुण्यातील रणभूमीकडे तो परतला होता. या वेळी मात्र तोफांपेक्षा मुलाच्या चेहऱ्याकडे त्याचे अधिक लक्ष होते. कान येथील महोत्सवात या चित्रपटाला पहिल्या कलाकृतीसाठीचे पारितोषिक मिळाले. त्यानंतर त्याने दिग्दर्शित केलेले दोन चित्रपट या योग्यतेचे नाहीत.

दिग्दर्शक झाला तरी त्याने कॅमेरा सोडला नाही. २००१ साली प्रदर्शित झालेला फिलिप गारेलचा एक कृष्णधवल चित्रपट त्याने पंचाहत्तरीच्या सुमारास चित्रित केला. २०१६ साली वयाच्या ९२ व्या वर्षी तो निवर्तला.