मालक सरकार, मजूर दिग्दर्शक

आम्ही संघटनेची माणसे. शिकलो ते गिरणीच्या दारात. कारखाना सरकारी झाला की कामगार सुटला, असे आम्हीही एकेकाळी मानीत होतो. पोलंडचे दिग्दर्शक आंद्झेय वायदा यांच्या कारकिर्दीने आमचे डोळे उघडले.

पोलंडात १९४५ साली चित्रपटधंदा सरकारच्या ताब्यात गेला. पैसा सरकारचा, कात्रीही सरकारचीच. वायदांचा पराभवाची कथा सांगणारा ‘कनाल’ (१९५७) याच पैशावर निघाला. नफा पाहणाऱ्या शेठजीने तो काढू दिला असता काय?

पण ‘संगमरवरी माणूस’ची कथा वेगळी. विक्रमी विटा रचणाऱ्या गवंड्याचा सरकार पुतळा उभारते आणि पुढे त्यालाच अडगळीत टाकते. ही पटकथा दहा-बारा वर्षे अडली. चित्रण १९७६ साली झाले. त्याची कबर शोधण्याचा शेवटचा प्रसंग तरीही कापला गेला.

१९८० साली ग्दान्स्कच्या जहाजगोदीत संप झाला. वायदा तेथे गेले, तेव्हा एक कामगार म्हणाला, आता आमच्यावर चित्रपट काढा. १९८१ साली ‘पोलादी माणूस’ आला आणि कापलेला प्रसंग त्यात पडद्यावर दिसला. त्याच डिसेंबरात लष्करी कायदा पुकारला गेला.

मालक बदलला, म्हणून संघटनेची गरज संपत नाही. आम्ही यातून एवढेच शिकलो.