शेपटीला चिमटा, पाठीवर घडी

सिल्लोड-कन्नडकडच्या शिवारात मक्याचा पोंगा उलगडून बघताना लष्करी अळीऐवजी कधी एखादा चपटा, तपकिरी किडा हाती लागतो. डिवचला की पळता पळता शेपटी वर करतो आणि टोकाचा चिमटा फाकवतो. तो चिमटा बघूनच त्याच्यावर चप्पल पडते. खरं तर हा गडी शेतकऱ्याच्या बाजूचा! मावा, किडींची अंडी, कोवळ्या अळ्या हे त्याचं खाणं. अमेरिकन लष्करी अळी २०१८ मध्ये भारतात आली, तेव्हा तिला खाणाऱ्या इथल्या कीटकांत याचे भाऊबंदही निघाले.

इंग्रजीत हा इअरविग, म्हणजे कानकिडा. झोपलेल्या माणसाच्या कानातून तो मेंदूत शिरतो, अशी युरोपात जुनी समजूत. आपल्याकडे ही बदनामी गोमेच्या वाट्याला आली. कानात चुकून झुरळही शिरतं. पण पडद्यापलीकडे वाट कुठे आहे?

खरी करामत पाठीवर आहे. वरचे पंख आखूड आणि चिवट, आणि त्यांच्याखाली दुमडलेले पातळ मागचे पंख. उघडले की घडीच्या दहापटीहून मोठे होतात. पैठणीची घडी पुन्हा तशीच बसवायला दोन माणसं लागतात. इथे सांध्यांतलं लवचिक रबरासारखं प्रथिनच स्प्रिंगचं काम करतं, आणि उघडलेला पंख स्नायूंच्या जोराशिवाय ताठ राहतो. एवढं असून बहुतेक जाती क्वचितच उडतात. काहींना तर पंखच नाहीत.

जगात यांच्या सुमारे २००० जाती आहेत, अंटार्क्टिका सोडून सगळीकडे. भारतातल्या जातींवर माल्कम बर यांचा ग्रंथ १९१० सालीच आला. लॅबिड्युरा रिपॅरिया ही जात जवळपास जगभर आढळते. नदीकाठची ओलसर वाळू तिची आवडती. सेंट हेलेना बेटावरची तिची चुलत बहीण तर आठ सेंटिमीटरपर्यंत वाढायची. ती २०१४ मध्ये नामशेष जाहीर झाली.

चिमटा कमानदार असला तर बहुधा नर, सरळ असला तर मादी. ही मादी अंड्यांवर पहारा देते, बुरशी धरू नये म्हणून एकेक अंडं चाटून साफ करते. कीटकांत असं आईपण दुर्मीळच. जपानातल्या एका जातीत ते टोकाला जातं: पिल्लं बिळातून बाहेर पडण्याआधी आईलाच खाऊन टाकतात.