साठेखताची विशिष्ट पूर्तता (कामोठे)

साठेखताची विशिष्ट पूर्तता म्हणजे स्थावर मालमत्ता विकण्याचा करार मोडणाऱ्या पक्षाला तो करार प्रत्यक्ष पुरा करावयास न्यायालयाने भाग पाडणे होय. भारतात हा उपाय विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ नुसार मिळतो. रायगड जिल्ह्याच्या पनवेल तालुक्यातील कामोठे या सिडको वसाहतीत जमिनीची मूळ मालकी सिडकोकडे असून भूखंड भाडेपट्ट्याने दिले जातात. त्यामुळे येथील व्यवहारात विक्रेता व खरेदीदार यांच्याबरोबर सिडकोच्या परवानगीचा प्रश्नही येतो.

साठेखत आणि खरेदीखत

मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ च्या कलम ५४ प्रमाणे साठेखताने मालमत्तेत कोणताही हितसंबंध निर्माण होत नाही. मालकी नोंदणीकृत खरेदीखताने, तर भाडेपट्ट्याचे हक्क नोंदणीकृत अभिहस्तांतरणाने जातात. साठेखत करणाऱ्याला मिळतो तो केवळ असा दस्त करून मागण्याचा हक्क. कुलमुखत्यारपत्रावर झालेली 'विक्री' मालकी देत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने सूरज लॅम्प प्रकरणात २०११ साली स्पष्ट केले. मात्र नोंदणी न झालेले साठेखतही विशिष्ट पूर्ततेच्या दाव्यात कराराचा पुरावा म्हणून दाखल करता येते, अशी तरतूद नोंदणी अधिनियमाच्या कलम ४९ मध्ये आहे.

कामोठ्यातील स्थिती

नवी मुंबईसाठी ठाणे, पनवेल व उरण भागातील गावांच्या जमिनी संपादित झाल्या. प्रकल्पग्रस्तांना साडेबारा टक्के योजनेतून विकसित भूखंड देण्यात आले. अशा भूखंडाचे हक्क दुसऱ्याकडे देताना सिडको, मूळ धारक व नवा धारक यांच्यात त्रिपक्षीय करारनामा होतो आणि हस्तांतरण शुल्क भरावे लागते. सदनिकेच्या पुनर्विक्रीत सिडकोच्या परवानगीबरोबर गृहनिर्माण संस्थेतील भागपत्राचे हस्तांतरणही आवश्यक असते.

परवानगी मिळालेली नाही, एवढ्याच कारणावरून विक्रेता सुटत नाही. दिल्लीतील भाडेपट्ट्याच्या जमिनीवरील घराच्या चांदनी विद्यावती मदन प्रकरणात विक्रेतीने परवानगीचा अर्ज करून तो नंतर मागे घेतला होता. सर्वोच्च न्यायालयाने तिला पुन्हा अर्ज करण्याचा आणि परवानगी मिळाल्यास विक्री पूर्ण करण्याचा आदेश कायम ठेवला. नथुलाल विरुद्ध फूलचंद (१९६९) या निकालानुसार, कायद्याने परवानगी आवश्यक असेल तेथे ती मिळवण्याची जबाबदारी विक्रेत्याने स्वीकारली आहे असे करारातच गृहीत धरले जाते.

दाव्याच्या अटी

कलम १६(क) नुसार वादीने आपल्या वाट्याच्या अटी पार पाडल्याचे, किंवा त्या पार पाडण्यास आपण सतत तयार व राजी असल्याचे सिद्ध करावे लागते. 'तयार' असणे म्हणजे पैशाची ऐपत, तर 'राजी' असणे म्हणजे व्यवहार पुरा करण्याची इच्छा. ही वर्तनावरून ठरते. बँकेचे खातेउतारे, कर्जमंजुरीचे पत्र, वेळेत पाठवलेली नोटीस हे येथे महत्त्वाचे पुरावे असतात. इसार देऊन गप्प बसलेल्या आणि भाव वाढल्यावर न्यायालयात आलेल्या खरेदीदाराची बाजू कमकुवत होते. के. एस. विद्यानाडम प्रकरणात (१९९७) सर्वोच्च न्यायालयाने शहरी मालमत्तेच्या वाढत्या किमती लक्षात घेऊन विलंबाचा विचार केला पाहिजे, असे म्हटले.

दाव्याची मुदत ३ वर्षांची आहे. ती करारात ठरलेल्या तारखेपासून, आणि तारीख ठरलेली नसल्यास नकार कळल्यापासून मोजली जाते.

२०१८ ची दुरुस्ती

१ ऑक्टोबर २०१८ पूर्वी विशिष्ट पूर्तता देणे न्यायालयाच्या विवेकाधीन होते. दुरुस्तीनंतर, कायद्यात सांगितलेले अपवाद वगळता, ती देणे हा नियम झाला. समन्स बजावल्यापासून १२ महिन्यांत दावा निकाली काढावा, कारणे नोंदवून ही मुदत कमाल ६ महिन्यांनी वाढवता येईल, असेही कायद्यात नमूद झाले.

दावा प्रलंबित असताना

दरम्यान मालमत्ता तिसऱ्याला विकली गेल्यास, ज्याने मोबदला देऊन, सद्भावनेने व आधीच्या कराराची माहिती नसताना ती घेतली त्याला कलम १९(ख) संरक्षण देते. म्हणून वादी सहसा मनाई हुकूम मागतो. दाव्याच्या काळात झालेली विक्री निकालाच्या अधीन राहते; मात्र मुंबई प्रांताच्या १९३९ च्या दुरुस्तीनुसार, ती लागू असलेल्या क्षेत्रात, त्यासाठी प्रलंबित दाव्याची नोटीस नोंदवलेली असावी लागते.

हुकूमनामा आणि अंमलबजावणी

ताबा व इसाराची परतफेड या मागण्या कलम २२ प्रमाणे दाव्यात स्पष्टपणे मांडाव्या लागतात. हुकूमनाम्यानंतर खरेदीदाराने ठरलेल्या मुदतीत उर्वरित रक्कम भरली नाही, तर कलम २८ खाली करार रद्द होऊ शकतो. रक्कम भरूनही विक्रेता सही करत नसेल, तर दरखास्तीत दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१, नियम ३४ नुसार न्यायालय त्याच्या वतीने दस्त करून देते. हा दस्त विक्रेत्याने स्वतः केल्याइतकाच परिणामकारक असतो.