भांगाची भरती आणि तरावाचा किनारा

माझं आजोळ मोरजीचं. लहानपणी मे महिन्यात तिथे गेलं की तिसऱ्या काढायला जायचा आमचा हट्ट असे. मामा आधी भिंतीवरच्या कालनिर्णयकडे बघायचा. तिथे अष्टमी-नवमी दिसली की म्हणायचा, "आज नको. भांग आहे. पाणी ना नीट चढणार, ना नीट ओसरणार." पुनवेला किंवा अवसेला मात्र तो स्वतःच उठवायला यायचा. तेव्हा उधाण असे, ओहोटीला पाणी पार लांब जाई आणि तासाभरात टोपली भरे.

शाळेत भूगोलाच्या पुस्तकात 'उधाणाची भरती' आणि 'भांगाची भरती' हे शब्द आले तेव्हा वर्गात मला एकट्यालाच ते आधीपासून माहीत होते. पण भांग या शब्दाची खरी किंमत मला कळली ती पस्तिशीत, दुसऱ्या महायुद्धातल्या एका लढाईबद्दल वाचताना.

एवढंसं बेट

प्रशांत महासागरात, विषुववृत्ताजवळ, तरावा नावाचं प्रवाळबेटांचं कडं आहे. आज ते किरिबाती या देशात येतं. त्यातलं बेटिओ हे बेट जेमतेम तीन-साडेतीन किलोमीटर लांब आणि सर्वांत रुंद ठिकाणीही पाऊण किलोमीटरच्या आसपास. आपल्याकडच्या एखाद्या मध्यम गावाएवढं. १९४१ च्या डिसेंबरमध्ये जपानने ही बेटं घेतली आणि बेटिओवर धावपट्टी बांधली. पुढे मार्शल बेटांकडे सरकायचं तर अमेरिकेला ही धावपट्टी हवी होती.

बेटावर साडेचार हजारांहून अधिक माणसं होती. त्यातले सुमारे बाराशे कोरियन मजूर होते. नारळाचे ओंडके, वाळू आणि काँक्रीट वापरून सगळीकडे बंकर उभारले होते. त्यांच्यासमोर आली अमेरिकेची दुसरी मरीन डिव्हिजन. मरीन म्हणजे समुद्रातून किनाऱ्यावर उतरून लढणारे सैनिक, त्यांचं दल भूदलाहून वेगळं. त्याच वेळी उत्तरेला मकिन बेटावर भूदलाच्या २७ व्या डिव्हिजनचे सैनिक उतरणार होते. दिवस ठरला २० नोव्हेंबर १९४३.

ज्याला माहीत होतं तो

बेटिओभोवती प्रवाळाचा सपाट खडक पसरलेला आहे. सैनिकांना नेणाऱ्या हिगिन्स बोटींना भरल्या वजनाने तरंगायला साधारण चार फूट पाणी लागे. खडकावर तेवढं पाणी असेल का, हा सगळ्या योजनेतला कळीचा प्रश्न होता.

या बेटांवर पंधरा वर्षं राहिलेला एक माणूस योजनेच्या बैठकीत होता, मेजर फ्रँक हॉलंड. त्या दिवशी खडकावर तीन फुटांहून अधिक पाणी मिळणार नाही, असं त्याने सांगितलं. इतर जाणकारांचा अंदाज पाच फुटांचा होता.

इथे एक गोष्ट मला महत्त्वाची वाटते. हॉलंडचं कुणी ऐकलंच नाही, असं झालं नाही. डिव्हिजनचे प्रमुख जनरल ज्युलियन स्मिथ यांनी त्याचा इशारा गांभीर्याने घेतला. पाण्यातून चालत जावं लागण्याची शक्यता निम्मी-निम्मी आहे, हे सैनिकांना आधीच सांगितलं गेलं. खडकावरून चालू शकणारी पट्ट्यांची वाहनं, म्हणजे अ‍ॅमट्रॅक, मरीन अधिकाऱ्यांनी भांडून वाढवून घेतली. तरी ती जमली १२५. त्यात पहिल्या तीन तुकड्या बसल्या. मागून येणाऱ्या हजारो लोकांसाठी होत्या त्या बोटीच. तारीख पुढे ढकलायची तर पुढच्या मोहिमांचं अख्खं वेळापत्रक हललं असतं.

म्हणजे धोका माहीत होता, तो सांगितलाही गेला, पण योजना मात्र पाणी चढेल असं धरूनच पुढे गेली.

ते अर्धा किलोमीटर

सकाळी युद्धनौकांनी बेटावर हजारो टन दारूगोळा ओतला. धुरात बेट दिसेनासं झालं. आता तिथे कुणी जिवंत उरलं नसेल, असं अनेकांना वाटलं. पण बंकर टिकले होते. मेरीलँड या युद्धनौकेवरून सगळ्या हल्ल्याचं नियंत्रण व्हायचं होतं. तिच्या स्वतःच्याच तोफांच्या हादऱ्यांनी तिचे रेडिओ बंद पडू लागले.

अ‍ॅमट्रॅक खडक ओलांडून किनाऱ्याला लागले. मागच्या बोटी खडकाच्या कडेला येऊन अडकल्या. भरतीची वेळ झाली तरी पाणी फारसं चढलंच नाही. मग मरीन बोटीतून खाली उतरले. कमरेएवढ्या, कुठे छातीएवढ्या पाण्यातून, बंदुका डोक्यावर धरून, समोरून मशीनगनचा मारा होत असताना त्यांना सुमारे अर्धा किलोमीटर चालत जायचं होतं. पाण्यात धावता येत नाही आणि सपाट खडकावर आडोसाही नसतो. काही जण लांबच्या लांब लाकडी धक्क्याच्या खांबांआडून पुढे सरकले.

पहिल्या दिवशी सुमारे पाच हजार मरीन किनाऱ्यावर आले. त्यातले अंदाजे दीड हजार संध्याकाळपर्यंत मेलेले किंवा जखमी होते. किनाऱ्यावर नेतृत्व करणारे कर्नल डेव्हिड शूप स्वतः जखमी होते, तरीही ते धक्क्याजवळच्या एका बंकरच्या आडोशाने हुकूम देत राहिले. दुसऱ्या दिवशी सकाळी आणखी एक बटालियन त्याच पाण्यातून आली आणि तिचेही तसेच हाल झाले.

तिसऱ्या दिवशी एका मोठ्या बंकरवर चढून तो फोडण्यात ज्यांनी पुढाकार घेतला, त्यात लेफ्टनंट अलेक्झांडर बॉनिमन होते. वय ३३. तीन मुलींचे वडील. न्यू मेक्सिकोत त्यांची तांब्याची खाण होती, त्यामुळे सक्तीच्या भरतीतून त्यांना सूट होती. तरी ते आपणहून आले होते. त्याच बंकरवर ते मारले गेले.

७६ तासांनी बेट ताब्यात आलं. एक हजाराहून अधिक मरीन आणि नौसैनिक मेले, दोन हजारांहून अधिक जखमी झाले. जपानी सैनिकांपैकी अवघे १७ जिवंत हाती लागले. ज्यांना या युद्धाबद्दल कुणी काही विचारलंच नव्हतं, त्या कोरियन मजुरांपैकी वाचले १२९. मकिनवर भूदलाचे ६६ सैनिक गेले. तिथली लढाई रेंगाळली, आणि २४ नोव्हेंबरला जवळच्या समुद्रात जपानी पाणबुडीने लिसकोम बे ही विमानवाहू नौका बुडवली. तिच्यावरचे ६४४ जण मेले.

चंद्राचा हिशोब

पाणी का चढलं नाही, याचं नेमकं उत्तर यायला चव्वेचाळीस वर्षं लागली. १९८७ मध्ये टेक्सासमधले भौतिकशास्त्रज्ञ डोनाल्ड ओल्सन यांनी त्या दिवसाच्या चंद्राचं गणित मांडलं. पौर्णिमा आणि अमावास्येला सूर्य-चंद्राची ओढ एका रेषेत येते, म्हणून उधाण. अष्टमीच्या सुमारास दोघे काटकोनात असतात, म्हणून भांग. २० नोव्हेंबर १९४३ हा कृष्ण पक्षातल्या अष्टमीच्या आसपासचा दिवस होता. शिवाय नेमका त्याच सुमारास चंद्र आपल्या कक्षेत पृथ्वीपासून सर्वांत दूर होता. म्हणजे आधीच दुबळी असलेली भरती आणखी दुबळी झाली होती.

हे वाचताना मला मामाचा कालनिर्णय आठवला. चंद्राच्या अंतराचं गणित मामाला येत नव्हतं, आणि हॉलंडकडेही असं काही समीकरण नव्हतं. त्याने पंधरा वर्षं ते पाणी पाहिलं होतं, एवढंच.

माझ्या फाईलमधला रकाना

मी सॉफ्टवेअरमध्ये आहे. दोन वर्षांपूर्वी आम्ही एका ग्राहकाची जुनी यंत्रणा बदलून नवी चालू करणार होतो. त्यांच्याकडचे एक ज्येष्ठ कारकून बैठकीत म्हणाले, "महिनाअखेरीला नको. त्या रात्री सगळ्या शाखांचे हिशोब एकदम येतात." मी ते लक्षपूर्वक ऐकलं. 'जोखीम' या रकान्यात नीट लिहूनही ठेवलं. तारीख मात्र बदलली नाही, कारण ती वर कळवून झाली होती. महिनाअखेरीला यंत्रणा कोसळली आणि आम्ही दोन रात्री जागलो.

माझ्या चुकीत कुणाचा जीव गेला नाही. तरावाशी तिची बरोबरी करणं मला शोभणार नाही. पण चुकीची जात तीच होती, हे मला मान्य करावं लागतं. जोखीम लिहून ठेवली की आपल्याला वाटतं, आपलं काम झालं. खरं काम तिथून पुढे असतं. ती जोखीम खरी ठरली तर काय करायचं, त्यासाठी कुणाकडून काय जास्तीचं मागायचं, आणि तेही मिळणार नसेल तर तारखेबद्दल तोंड कधी उघडायचं.

लपवलं नाही, म्हणून

तरावानंतर अमेरिकेत संताप उसळला. आपला मुलगा तुम्ही मारलात, असं एका आईने थेट अ‍ॅडमिरल निमिट्झ यांना लिहिलं. तरीही तिथल्या चित्रीकरणावरून केलेला माहितीपट रूझवेल्ट यांच्या संमतीने १९४४ मध्ये लोकांना दाखवला गेला. त्यात पाण्यावर तरंगणारे आपल्याच मुलांचे मृतदेह होते.

आतही झाडाझडती झाली. बेटिओवरच्या बंकरांच्या प्रतिकृती हवाईमधल्या काहोओलावे बेटावर बांधून नौदलाने त्यांच्यावर नेमबाजीचा सराव केला. अ‍ॅमट्रॅकची संख्या वाढली. हल्ल्याआधी पाण्यात उतरून खडक आणि खोली तपासणारी पाणबुड्यांची पथकं उभी राहिली. दहा आठवड्यांनी क्वाजालीनच्या लढाईत मरीन आणि भूदलाचे सैनिक मिळून मृतांचा आकडा चारशेच्या आत राहिला. तरावावर पाण्यात पडलेल्यांना याचा काही उपयोग नव्हता. त्यांच्या मागून येणाऱ्यांना झाला.

बॉनिमन यांचे अवशेष २०१५ मध्ये बेटिओच्या जमिनीखाली सापडले. खोदकामाच्या वेळी त्यांचा नातू तिथे हजर होता. बहात्तर वर्षांनी ते घरी, टेनेसीतल्या नॉक्सव्हिलला पोचले. कितीतरी मरीन अजूनही त्या बेटाच्या वाळूत आहेत, आणि त्यांच्यावर आज दाट वस्ती आहे.

आमच्या त्या कारकून काकांना मी नंतर फोन करून माफी मागितली. ते हसले आणि म्हणाले, "अहो, तुम्ही लिहून घेतलंत तेव्हा मला वाटलं, आता तारीख बदलणार."

आता नव्या कामाची पहिली बैठक असली की मी आधी विचारून घेतो, इथे सर्वांत जास्त वर्षं कोण आहे. त्यांचं म्हणणं मी अजूनही लिहून घेतो, पण त्यांच्यासमोरच तारखेला हात घालतो. परवा मामाला ही सगळी गोष्ट सांगितली. तो थोडा वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, "अष्टमीला कशाला उतरले रे?"