धुक्यात काळ का चुकतो?

अद्भुतकथांतल्या धुक्यात शिरलेला माणूस बाहेर येतो, तेव्हा काळ भलताच पुढं सरकलेला असतो. कल्पना आपल्याकडेही जुनी आहे: महाभारताच्या आदिपर्वात पराशर ऋषी यमुनेवर धुकं निर्माण करतात आणि सत्यवतीच्या पोटी व्यास त्याच दिवशी जन्मतात. या कल्पनेला खऱ्या अनुभवाचा आधार आहे. छत्रपती संभाजीनगरच्या हर्सूल तलावासारख्या ठिकाणी हिवाळ्यातल्या निरभ्र रात्री जमीन झपाट्यानं निवते, तिच्यावरची गार हवा पाण्यावरच्या दमट हवेत मिसळते आणि वाफेचे बारीक थेंब होतात. दृश्यता एक किलोमीटरच्या खाली गेली की हवामानशास्त्र त्याला धुकं म्हणतं. सावली आणि क्षितिज, म्हणजे वेळ ओळखण्याच्या खुणाच, त्यात पुसल्या जातात.

घड्याळ तर नीट चालतं, मग हा नुसता भास नव्हे का? भासच, पण मोजता येणारा. १९९८ मध्ये ‘नेचर’मध्ये आलेल्या प्रयोगात धूसर दृश्यात वेग कमी वाटला आणि लोकांनी सिम्युलेटरवर गाडी जास्त पळवली. २०१२ मध्ये ट्युबिंगेनच्या संशोधकांनी त्यावर आक्षेप घेतला: खऱ्या धुक्यात जवळचं स्पष्ट, दूरचं पुसट दिसतं, तसं दृश्य दाखवल्यावर वेग उलट जास्त वाटला. निष्कर्ष परस्परविरोधी असले, तरी धुक्यात डोळ्यांचा अंदाज ढळतो हे दोन्हींतून दिसतं. वेगाचा अंदाज चुकला की वेळेचा हिशेबही चुकतो. म्हणून पहाटे हर्सूलहून अजिंठ्याकडे निघणाऱ्यानं डोळ्यांपेक्षा स्पीडोमीटरवर भरवसा ठेवावा.