पोवाड्यातली झील

कोल्हापुरातल्या तालमी-मंडळांची शिवजयंती वैशाखात, तिथीप्रमाणे होते आणि तिथं पोवाडा लागतोच. टाळ्या शाहिराला मिळतात. पण मागं उभं राहून 'जी जी रं जी' म्हणणारे झीलकरी नसतील, तर पोवाडा उभाच राहत नाही, असं माझं ठाम मत आहे.

झीलकऱ्यांचं काम

शाहिराच्या हाती डफ, साथीला ढोलकी, झांज आणि तुणतुणं. तुणतुण्याची एकच तार, पण सूर आणि ठेका दोन्ही तीच धरून ठेवते. चौक, म्हणजे पोवाड्याचं कडवं, संपत आला की झीलकरी शेवटचा सूर उचलतात आणि वरच्या पट्टीत लांबवतात. तेवढ्यात शाहीर दम घेतो, पुढचा प्रसंग गद्यात सांगायला मोकळा होतो. चर्चच्या कॉयरमध्ये निरनिराळे आवाज निरनिराळ्या सुरावटी गातात. इथं साऱ्यांची सुरावट एकच. त्यामुळं एक गळा जरी घसरला तरी लगेच कानाला खटकतो.

गणापासून भेदिकापर्यंत

सुरुवात गणानं, म्हणजे गणेशस्तवनानं, मग मुजरा, मग इतिहास. उपलब्ध पोवाड्यांत सर्वांत जुना मानतात तो अज्ञानदासाचा, 1659 च्या अफझलखान वधावरचा. कोल्हापूरकरांच्या मात्र अंगावर काटा येतो तो पन्हाळ्याच्या प्रसंगाला: जुलै 1660, सिद्दी जौहरचा वेढा, भर पावसातली रात्र, विशाळगडाची वाट आणि खिंडीत उभे ठाकलेले बाजीप्रभू. दोन्ही गड याच जिल्ह्यातले. ऐकणाऱ्यांतल्या कित्येकांनी ती वाट पावसाळ्यात पायी तुडवलेली असते. जाणते झीलकरी लढाईच्या वर्णनात झील आखूड घेतात, वेग तुटू देत नाहीत. बाजी पडतात तिथं ती लांबते.

भेदिक, म्हणजे कोड्यांच्या शाहिरीचा बाज वेगळा; तिच्यात दोन पक्ष समोरासमोर येतात. कलगीवाले शक्तीला थोर मानणारे, तुरेवाले शिवाला. सवाल-जवाबात रात्र सरते. झीलकऱ्यांनी पालुपद घोळवलं, की तेवढ्या अवधीत शाहीर उत्तर जुळवतो.

नवे विषय

पिराजीराव सरनाईक हे विसाव्या शतकातलं कोल्हापूरच्या शाहिरीतलं मोठं नाव. राजर्षी शाहू महाराजही पुढं पोवाड्याचा विषय झाले. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात अमर शेख, अण्णा भाऊ साठे आणि गव्हाणकर यांनी हीच रीत सभांच्या मैदानात नेली. नंतर हुंडाबंदी, साक्षरता, ग्रामस्वच्छता हे विषयही डफावर आले. विषय कोणताही असो, झीलकऱ्यांवाचून पोवाडा उभा राहत नाही; म्हणूनच कार्यक्रमाच्या पत्रिकेवर शाहिराच्या नावाखाली झीलकऱ्यांचीही नावं छापायला हवीत.